एका दिवसात पांढरं रण

प्रश्न : डिसेंबरात आईला कच्छचं पांढरं रण दाखवायचं आहे. तिचे गुडघे दुखतात. भुजहून गाइडसोबतची एका दिवसाची सहल पुरेल का? – एक वाचक, नेर (जि. यवतमाळ)

उत्तर : पुरेल, पण सहलीचा दिवस भुजपासून मोजा. नेरहून बडनेरा गाठा, तिथून नवजीवन एक्सप्रेसने अहमदाबाद आणि पुढे भुज. आईंना भुजमध्ये एक रात्र विश्रांती द्याच.

पांढऱ्या रणाच्या काठचं गाव धोरडो भुजपासून सुमारे ८० किलोमीटर. एजंट त्याच दिवसात हस्तकलेची चार गावं कोंबतात. ती सरळ नाकारा. दुपारी निघा, वाटेत भिरंडियाऱ्याला दुधाचा मावा खा आणि सूर्यास्ताच्या दीड तास आधी रणावर पोहोचा. सीमाभाग असल्याने परवाना लागतो, मूळ ओळखपत्रं जवळ हवीत. गाडी मिठापर्यंत जात नाही. पुढे उंटगाडी मिळते, आईंसाठी तीच घ्या.

पावसाळ्यात इथे समुद्राचं आणि पावसाचं पाणी साचतं, ते आटलं की मीठ उरतं. म्हणून नोव्हेंबरच्या सुरुवातीला कधीकधी नुसता चिखल भेटतो. तुमचा डिसेंबर योग्य. पौर्णिमा साधली तर उत्तमच, गर्दी मात्र सोसावी लागेल. दुपारच्या लख्ख उजेडासाठी गॉगल, रात्रीच्या थंडीसाठी स्वेटर आणि बंद बूट घ्या.