नवजात बाळाचे गर्भवय : आधी बाळ पाहावे, मग तारीख

बाळ आईच्या पोटात किती आठवडे वाढले, हे त्याचे गर्भवय. ते शेवटच्या पाळीच्या पहिल्या दिवसापासून मोजतात. पूर्ण दिवस म्हणजे 280 दिवस, अर्थात 40 आठवडे. घराघरांतला ‘नऊ महिने नऊ दिवस’ हा हिशोब त्याच्या अगदी जवळ जातो. 37 आठवडे पुरे होण्याआधी जन्मलेले बाळ अपुऱ्या दिवसांचे, त्यातही 32 च्या आतले फार अपुऱ्या दिवसांचे आणि 28 च्या आतले अत्यंत नाजूक. 42 आठवड्यांनंतर जन्मलेले बाळ दिवस उलटलेले मानतात.

हा आकडा केवळ नोंदवहीसाठी नसतो. दूध ओढणे, ते गिळणे आणि श्वास घेणे या तिन्ही क्रियांचा मेळ साधारण 34 व्या आठवड्याच्या सुमारास बसतो. त्याआधीच्या बाळाला थेट अंगावर पाजायला दिले, तर ते दमते, ठसकते, कधी श्वास घेणेच विसरते. त्याच्या डोळ्यांच्या पडद्यावरील रक्तवाहिन्यांची वाढही अर्धवट असते. म्हणून आपल्याकडे 34 आठवड्यांच्या आतल्या किंवा दोन किलोंच्या आतल्या बाळाचे डोळे जन्मानंतर चौथ्या आठवड्यात तपासावेत असा संकेत आहे. 28 आठवड्यांच्या आतल्या बाळांची तपासणी त्याहून लवकर, दुसऱ्या-तिसऱ्या आठवड्यात होते. म्हणजे गर्भवय दोन-अडीच आठवड्यांनी चुकले, की आहार, देखरेख आणि डोळ्यांची तपासणी हे सगळेच चुकते.

वजन म्हणजे वय नव्हे, हे वैद्यकालाही उशिरा उमगले. अडीच किलोंखालचे प्रत्येक बाळ अपुऱ्या दिवसांचे धरण्याची रीत पुष्कळ वर्षे होती. 1961 मध्ये जागतिक आरोग्य संघटनेने अशा बाळांना ‘कमी वजनाचे’ म्हणावे असे सुचवले आणि दोन गोष्टी वेगळ्या झाल्या. 1967 मध्ये बॅटाग्लिया आणि लुब्चेन्को यांनी वजन व गर्भवय एकाच तक्त्यावर मांडून बाळांची विभागणी केली. आपल्या देशात हा फरक फार मोलाचा आहे, कारण इथली पुष्कळशी कमी वजनाची बाळे पुऱ्या दिवसांची पण पोटात न पोसलेली असतात. त्यांच्या रक्तातली साखर उतरण्याची भीती असते. अपुऱ्या दिवसांच्या बाळाला फुप्फुसाची भीती असते. दोघांचेही वजन 1800 ग्रॅम असू शकते. गर्भवयानुसार वजन, लांबी आणि डोक्याचा घेर किती असावा याचे जे आंतरराष्ट्रीय तक्ते ‘इंटरग्रोथ-21’ प्रकल्पाने 2014 मध्ये दिले, त्यांच्यासाठी मापे घेतलेल्या आठ ठिकाणांपैकी एक नागपूर होते.

उलटी चूकही होते, आणि ती जास्त लपून राहते. वजनदार बाळ वयानेही मोठे वाटते. पुढील घटना त्याच प्रकारची आहे. त्यातली पहिली चूक प्रस्तुत लेखिकेच्या हातची होती, म्हणून ती तपशिलाने नोंदवणे रास्त ठरेल.

2024 च्या जून महिन्यात, 23 तारखेला, ऊसतोडीहून परतलेली एक बाई रात्री दीडच्या सुमारास बाळंत झाली. हंगामभर ती गावाबाहेर होती. माता-बाल संरक्षण कार्डावर दोनच नोंदी होत्या, सोनोग्राफी झालेली नव्हती. शेवटची पाळी विचारल्यावर तिने क्षणाचाही विचार न करता सांगितले, “लक्ष्मीपूजनालाच अडचण आली, पूजा नणंदेनं केली.” इतकी पक्की आठवण क्वचित मिळते. घोटाळा ऐकणारीकडून झाला. त्या दिवाळीच्या आदल्या वर्षी, म्हणजे 2022 मध्ये, लक्ष्मीपूजन 24 ऑक्टोबरला होते. तीच तारीख डोक्यात राहिलेली, तीच कागदावर उतरली. पण 2023 मध्ये श्रावण अधिक होता, त्यामुळे दिवाळी पुढे सरकून लक्ष्मीपूजन 12 नोव्हेंबरला आले होते. 19 दिवसांचा हा फरक. 32 आठवड्यांचे बाळ कागदावर 34 आठवडे 5 दिवसांचे झाले.

वजन भरले 2060 ग्रॅम. तेही 34 आठवड्यांशी जुळणारे. त्यानंतर बाळाची तपासणी झाली ती उत्तर ठाऊक असल्यासारखी. बाळाला आईजवळ दिले गेले आणि अंगावर पाजायला सांगितले गेले. दुसऱ्या रात्री आईने हाक मारली तेव्हा त्याचे ओठ निळे झाले होते आणि छाती हलत नव्हती. तळव्याला चोळल्यावर त्याने श्वास घेतला. पुढचे नऊ दिवस ते नवजात अतिदक्षता कक्षात होते. त्यातले काही दिवस ऑक्सिजनवर आणि जवळपास सगळे नळीने दूध घेत. वजन दोन किलोंच्या वर आणि वय 34 च्या वर, म्हणून डोळे तपासायच्या यादीतही त्याचे नाव नव्हते. ते नाव आले कक्षातल्या एका ज्येष्ठ परिचारिकेमुळे. तिने बाळाचा तळपाय प्रकाशात धरला आणि म्हटले, “मॅडम, पस्तिसाव्याच्या पायाला इतक्याच रेषा?” मग कॅलेंडर काढले गेले. चौथ्या आठवड्यातल्या तपासणीत पडद्यावर विकार सापडला, लेसर वेळेत झाले आणि दृष्टी वाचली.

तो तळपाय पहिल्या तासातही तसाच होता. पुढील बोटांच्या मागे एकच आडवी घडी, बाकी सगळा गुळगुळीत. स्तनाची गाठ एक-दोन मिलिमीटरची. वृषण अजून खाली उतरत होते, पिशवीवर सुरकुत्या मोजक्याच. हे सगळे दिसत होते, पण नजर आधीच तारखेला बांधली गेली होती.

म्हणून पहिला नियम असा, की बाळाची तपासणी करून गुण कागदावर लिहावेत आणि मगच आईची तारीख वाचावी. शक्य असेल तिथे तपासणारी व्यक्ती आणि तारीख विचारणारी व्यक्ती वेगळी असावी.

तपासणीची पद्धत जुनी आणि कसोटीला उतरलेली आहे. 1970 मध्ये लिली व व्हिक्टर डुबोविट्झ आणि सिसी गोल्डबर्ग यांनी 21 लक्षणांची गुणपद्धती मांडली. 1979 मध्ये जीन बॅलार्ड यांनी ती 12 लक्षणांवर आणली आणि 1991 मध्ये अगदी कमी दिवसांच्या बाळांसाठी वाढवली. सहा लक्षणे स्नायूंच्या ताणाची : निजण्याची ठेवण, मनगट किती वाकते, ताणून सोडलेला हात किती लवकर मिटतो, गुडघ्यामागचा कोन, हात गळ्यावरून पदरासारखा विरुद्ध खांद्याकडे किती जातो, आणि टाच कानाकडे किती पोचते. बाळ जितके अपुरे तितके ते सैल. बाकी सहा लक्षणे शरीराची : त्वचा, लव, तळपाय, स्तन, डोळे-कान आणि जननेंद्रिये. गुणांची बेरीज 20 आली तर 32 आठवडे, 25 ला 34, 30 ला 36. पाच गुणांमागे दोन आठवडे, हे सूत्र लक्षात ठेवायला सोपे आहे. उत्तम हातांतही उत्तर दोन आठवडे इकडे-तिकडे होते, आणि फार अपुऱ्या बाळाचे वय या पद्धतीत थोडे जास्तच निघते. त्यामुळे सीमेवरच्या बाळाला नेहमी लहान मानून सांभाळावे. यात वाया जातो तो एखादा दिवस, दुसऱ्या बाजूच्या चुकीत जीव जाऊ शकतो.

जन्मताच गुदमरलेले बाळ किंवा झटक्यांसाठी मॅग्नेशियम सल्फेट दिलेल्या आईचे बाळ सैल असते. त्याचे स्नायूंचे गुण खोटे कमी पडतात, म्हणून ते 24 तासांनी पुन्हा पाहावेत. पायाळू बाळाचे पाय ताणलेले असतात, त्याच्या गुडघ्याच्या कोनावर विसंबू नये. पोटात न पोसलेल्या बाळाची स्तनाची गाठ चरबीअभावी लहान राहते. तळव्याच्या रेषा जन्मानंतर त्वचा सुकू लागली की वाढलेल्या दिसतात, तेव्हा त्या पहिल्या काही तासांतच पाहिलेल्या बऱ्या. 26 आठवड्यांच्या आतल्या बाळाची तपासणी तर 12 तासांच्या आत उरकावी.

तारखेकडे वळताना सर्वांत भरवशाची गोष्ट म्हणजे पहिल्या तीन महिन्यांतली सोनोग्राफी. गर्भाची डोक्यापासून कुल्ल्यापर्यंतची लांबी मोजून काढलेले वय पाच ते सात दिवसांच्या फरकाने बरोबर येते. शेवटच्या तीन महिन्यांतल्या सोनोग्राफीत हाच फरक तीन आठवड्यांपर्यंत जातो. अशा उशिराच्या अहवालावरची प्रसूतीची तारीख खात्रीची मानणे हा सर्रास होणारा दोष आहे. अनेक अहवाल असतील तर सर्वांत आधीचा धरावा.

सोनोग्राफी नसेल तिथे आईची आठवण हाच आधार, आणि तो चांगला असू शकतो. अट एवढीच की तिच्या भाषेत विचारावे. पुष्कळ बायांना तारीख आठवत नाही, पण पोळा, गौरी, संक्रांत, भाचीचे लग्न, कारखान्याची पट्टी पडली तो दिवस आठवतो. सण सांगितला की त्याच वर्षाचे कॅलेंडर उघडावे. आपले तिथीवरचे सण दरवर्षी साधारण 11 दिवस मागे येतात आणि अधिक महिना आला की 19-20 दिवस पुढे उडी घेतात, त्यामुळे स्मरणातली तारीख निरुपयोगी ठरते. ‘सातवा लागला’ आणि ‘सातवा सरला’ यांत चार आठवड्यांचे अंतर आहे, ते स्पष्ट करून घ्यावे. आधीचे मूल अंगावर पीत असताना पाळी न येताच दिवस गेले का, पाळी नियमित होती का, शेवटचा रक्तस्राव नेहमीसारखा होता की नुसता डाग, हेही विचारावे. गर्भ रुजताना दिसलेला डाग पाळी समजला गेला, तर बाळ आहे त्याहून लहान मोजले जाते.

‘सातव्यातले जगते, आठव्यातले नाही’ ही समजूत अजून कानावर येते. तिच्या धाकाने आई आणि सासू महिना एकाने कमी-जास्त सांगतात. पोटातला प्रत्येक जास्तीचा आठवडा बाळाच्या भल्याचाच असतो, हे त्यांना तिथेच समजावून सांगावे.

तारीख आणि तपासणी यांत दोन आठवड्यांहून अधिक तफावत आली, तर आधी तारखेचा हिशोब दुसऱ्या व्यक्तीने करावा आणि मग बाळ दुसऱ्यांदा तपासावे. पहिल्या तिमाहीची सोनोग्राफी असेल तर ती मानावी. नसेल तर लहान ठरणारे वय मानून देखरेख ठेवावी.

घरी पाठवताना कार्डावर नुसते ‘34 आठवडे’ न लिहिता ते कशावरून काढले, पाळीवरून, सोनोग्राफीवरून की गुणांवरून, हेही लिहावे. घरी भेट देणाऱ्या आशाताईला आणि पुढच्या डॉक्टरला त्यावरूनच भरवसा किती ठेवायचा ते कळते. लसीकरण जन्मतारखेप्रमाणे होते. मान धरणे, बसणे, बोलणे मात्र दोन वर्षांपर्यंत अपेक्षित प्रसूतीच्या तारखेपासून मोजतात. वर सांगितलेल्या बाळाच्या कार्डावर आता त्या दोन्ही तारखा आहेत : 23 जून, आणि तिच्याखाली लाल शाईने 18 ऑगस्ट.