काजूचे कलम घरी बांधू या

परसातल्या एखाद्या काजूला टपोऱ्या बिया धरतात. तिचीच बी लावली की तसलेच झाड येणार, असे आपण धरून चालतो. पण तसे होईलच असे नाही. फुलावर बसणाऱ्या माश्यामुंग्या कुठल्या झाडाचे पराग आणतात, ते कोणी पाहिले आहे? चार-पाच वर्षे वाट पाहायची आणि बी निघायची चिंचोक्याएवढी! म्हणून कलम बांधायचे. खाली बीचे रोप, वर चांगल्या झाडाची काडी. मूळ रोपाचे, फळ काडीचे.

काजू मूळचा ब्राझीलचा. पोर्तुगीजांनी सोळाव्या शतकात तो गोव्यात आणला. वेंगुर्ल्याच्या फळ संशोधन केंद्राने १९८१ साली 'वेंगुर्ला ४' ही चांगली जात दिली. अशा झाडाची काडी मिळाली तर उत्तमच.

चैत्र-वैशाखात ताज्या बिया पाण्यात टाका. तरंगतील त्या काढून टाका. बुडाल्या त्या एक रात्र भिजू द्या. मग माती, वाळू व कुजलेले शेणखत भरलेल्या पिशवीत देठाची बाजू वर ठेवून लावा. बीच्या टरफलातले तेल कातडी भाजते, हे पोरांना बजावून ठेवा.

रोप दीड-दोन महिन्यांचे झाले की कलम बांधा. पेन्सिलीएवढी जाड, शेंड्याचा डोळा फुगलेली काडी निवडा. आठवडाभर आधी तिची पाने कापा, देठ तेवढे राहू द्या. मग रोपाची खालची चार पाने ठेवून शेंडा छाटा. धारदार पात्याने मधोमध दोन-अडीच इंच चीर द्या. काडीच्या बुडाला तेवढीच पाचर तासून चिरेत बसवा. साल सालीला भिडली पाहिजे, सगळा जीव तिथे आहे. प्लॅस्टिकच्या पट्टीने घट्ट बांधा. वरून बर्फाच्या कांडीची लांबट पिशवी, आतून ओली करून, टोपीसारखी घाला. सावलीत ठेवा. तीन आठवड्यांनी टोपी काढा.

पुढच्या मृगात दोन फुटी खड्ड्यात कलम लावा. जोड मातीवर राहिला पाहिजे. जोडाची पट्टी सोडा.

आता पुष्कळांचे नुकसान होते ते इथे. जोडाखालून रोपाची फूट येते. ती जोमाने वाढते, हिरवीगार दिसते, म्हणून घरचे लोक खूश होतात. वरची काडी मात्र उपाशी मरते. तीन वर्षांनी कळते, की कलम कधीच गेले, उरले ते रानटी रोप. जोडाखालची फूट दिसली की बोटानेच खुडा. पहिली दोन वर्षे मोहोरही खुडा. मन होत नाही, आम्ही जाणतो. पण झाडाला आधी अंग धरू द्या.