ग्रॅनाइटवर धरायचं काय?

सह्याद्रीत दोन-तीन सुळके केलेला गडी पहिल्यांदा रामनगरला किंवा हंपीला जातो, तेव्हा कातळाखाली उभा राहून त्याचा पहिला प्रश्न एकच असतो : "अरे, पण धरायचं कशाला?" आमचंही तेच झालं. समोर रामनगरचा कातळ, तोच 'शोले'वाला (१९७५). एखाद्या अवाढव्य हत्तीच्या पाठीसारखा. खोबण नाही, कपार नाही, बोट अडकवायला भोक नाही. आणि आमच्या ग्रुपचा सीनियर मात्र त्यावर खिशात हात घालून चालल्यासारखा वर गेला.

फरक कुठे आहे हे समजायला दोन्ही दगड कसे जन्मले ते बघावं लागतं. आपला बसाल्ट म्हणजे सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी जमिनीवर पसरलेला लाव्हा. उघड्या हवेत पटकन थंड झाला, त्यामुळे त्याचे स्फटिक डोळ्यांना दिसतही नाहीत. वायूचे बुडबुडे आत अडकून भोकं राहिली. एक थर थंड झाला की त्यावर दुसरा, त्यावर तिसरा. दोन थरांच्या मधला भाग झिजतो आणि आडव्या कपारी तयार होतात. म्हणून सह्याद्रीत धरायला भरपूर मिळतं. ते हातात किती वेळ राहील हा प्रश्न वेगळा!

ग्रॅनाइट जमिनीवर आलाच नाही. तो काही किलोमीटर खोलवर, लाखो वर्षं घेत, सावकाश गार झाला. स्फटिकांना वाढायला निवांत वेळ मिळाला. क्वार्ट्झ, फेल्स्पार आणि अभ्रक यांचे दाणे एकमेकांत घट्ट गुंतले. थर नाहीत आणि बुडबुडेही नाहीत. रामनगरचं जुनं नाव क्लोजपेट, त्यावरून तिथल्या दगडाला क्लोजपेट ग्रॅनाइट म्हणतात. याचा चिंचोळा पट्टा दक्षिणोत्तर सुमारे ४०० किलोमीटर पसरलाय आणि वय आहे सुमारे २५० कोटी वर्षं! त्यातले गुलाबी फेल्स्पारचे स्फटिक कधी कधी बोटाच्या पेराएवढे असतात. वरचा सगळा थर झिजून गेल्यावर हा दगड उघडा पडला. क्वार्ट्झ टिकाऊ, फेल्स्पार आणि अभ्रक आधी कुजतात, म्हणून पृष्ठभाग जाड सँडपेपरसारखा खरखरीत होतो. तर मंडळी, प्रश्नाचं उत्तर असं की ग्रॅनाइटच्या उतारावर धरायचं काहीच नसतं, उभं राहायचं असतं.

आता फर्स्ट इयरचं मेकॅनिक्स काढा (ज्यात मला केटी लागली होती). ४५ अंशांचा उतार, ६० किलोचा मुलगा. उताराच्या दिशेने खेचणारा भार ६० गुणिले साइन ४५, म्हणजे साधारण ४२ किलो. कातळावर लंब दाबही ४२ किलोच. म्हणजे घर्षणांक १ असला की पाय टिकतो, आणि चढाईच्या बुटाचं रबर कोरड्या ग्रॅनाइटवर तेवढं सहज देतं. मग आम्ही घसरलो का? तर घाबरून कातळाला मिठी मारली म्हणून. पुढे झुकून तळहात टेकले की लंब दाबातला वाटा हातांवर जातो. समजा एक तृतीयांश गेला, तर पायांवर राहिला २८ किलो. घामेजल्या हातांचं घर्षण सोडून द्या. खाली खेचणारे ४२ किलो तसेच, म्हणजे पायाखाली घर्षणांक हवा १.५. गेला पाय! सीनियर खालून ओरडत होता, "उभा राहा, उभा राहा!" आणि मला वाटत होतं की हा माणूस माझा जीव घ्यायला बसलाय. तो अक्षरशः फ्री बॉडी डायग्राम सांगत होता.

टाच खाली ठेवायची तीही याचसाठी. पुस्तकात घर्षण संपर्काच्या क्षेत्रफळावर अवलंबून नसतं, पण रबर ते पुस्तक वाचत नाही. ते दाण्यांमध्ये दबून बसतं, म्हणून जास्त रबर टेकलं की जास्त पकड. उन्हात ते मऊ पडतं आणि हातांना घाम सुटतो, म्हणून तिकडे हिवाळ्यात, सकाळी नाहीतर संध्याकाळी चढायचं.

हंपीचा ग्रॅनाइटही साधारण त्याच काळातला, पण तिथे एकसंध कातळापेक्षा कुणी रचून ठेवल्यासारखे धोंडे जास्त. वाली आणि सुग्रीवाच्या भांडणात ते फेकले गेले असं तिथे सांगतात. भूशास्त्राची गोष्ट कमी नाट्यमय आहे. जमिनीखाली असतानाच उभ्या-आडव्या भेगांतून पाणी शिरलं, ठोकळ्यांचे कोपरे आधी कुजले, गोटे उरले आणि मग भोवतालची माती वाहून गेली.

आता जरा गंभीर मुद्दा. ग्रॅनाइट मजबूत खरा, पण तो कांद्यासारखा सोलला जातो. वरचं ओझं कमी झाल्यावर दगडातला दाब मोकळा होतो आणि पृष्ठभागाला समांतर भेगा पडतात. घुमटासारखा आकार असेल तर हे जास्तच. असे सुटत चाललेले पापुद्रे वरून अगदी अखंड वाटतात. त्यांची हालचाल अमेरिकेतल्या योसेमिटी दरीत मोजली गेली आहे. (तिथला ग्रॅनाइट सुमारे १० कोटी वर्षांचा, म्हणजे आपल्या रामनगरपुढे पोरगाच.) ब्रायन कॉलिन्स आणि ग्रेग स्टॉक या भूवैज्ञानिकांनी १९ मीटर उंच आणि सुमारे १० सेंटिमीटर जाडीच्या एका पापुद्र्यामागची भेग मोजली. २०१६ साली त्यांनी मांडलं की केवळ दिवसाच्या उन्हाने ती जवळजवळ एक सेंटिमीटरपर्यंत उघडते आणि रात्री पुन्हा मिटते. रोज! दगड असा थकत जातो आणि एक दिवस पाऊस, भूकंप काहीही नसताना खाली येतो.

हे गिर्यारोहकाला का कळायला हवं, तर कॅममुळे. आपल्याकडे बसाल्टमध्ये मेखा ठोकायची सवय. ग्रॅनाइटच्या सरळ भेगांत कॅम लावतात. ट्रिगर ओढला की त्याच्या पाकळ्या मिटतात, भेगेत घालून सोडला की उघडून दोन्ही बाजूंना टेकतात. रे जार्डाइनने बनवलेला हा प्रकार १९७८ पासून 'फ्रेंड' नावाने विकला जाऊ लागला. पाकळीचा आकार लॉगरिदमिक स्पायरलचा असतो. त्यामुळे भेग अरुंद असो की रुंद, दगडाशी होणारा कोन तोच राहतो, साधारण १४ अंश. टॅन १४ म्हणजे ०.२५. खाली येणारा भार दोन भिंतींवर निम्मा निम्मा वाटला जातो, त्याला ०.२५ ने भागा. प्रत्येक भिंतीवर मूळ भाराच्या दुप्पट दाब, आणि तोही बाहेरच्या दिशेने! पडताना कॅमवर ६०० किलोचा झटका आला तर प्रत्येक भिंतीला १२०० किलोचा रेटा. त्यातली एक भिंत म्हणजे सुटत आलेला पापुद्रा असेल तर कॅम नुसता निसटत नाही, पापुद्राच उचकटतो. तुमच्यावर, आणि खाली बिले देणाऱ्यावर.

आमच्या रूटवर मधोमध अशीच एक झकास भेग होती. सीनियरच्या मागोमाग वर गेल्यावर मी उत्साहाने म्हटलं, "दादा, इथे आणखी एक कॅम बसतोय." त्याने काही न बोलता मुठीने भेगेच्या अलीकडे ठोकलं. टणक, बद्द आवाज. मग पलीकडे ठोकलं. रिकाम्या डब्यासारखा आवाज आला. त्याने स्वतः लावलेला कॅमही काढून हार्नेसला अडकवला. "खालून मला कळलं नव्हतं," एवढंच म्हणाला.

पुढचे दहा-बारा फूट मधे काहीही न लावता जायचं होतं. तेवढं अंतर मी टाचा खाली ठेवून, ताठ उभा राहून चढलो.