निवृत्तीची थकलेली देणी : मागणी लेखी करा, वेळेत करा

कुंडमसारख्या तहसिलीच्या गावात शिक्षक, पटवारी, वनरक्षक किंवा शिपाई निवृत्त झाला, की बँकेत त्याचा पहिला प्रश्न असतो : "माझे पैसे आले का?" बरेचदा पेन्शन सुरू झालेली असते, पण ग्रॅच्युइटी, शिल्लक रजेचे पैसे किंवा वेतनवाढीचा फरक अडकलेला असतो. "आज ना उद्या येतील" म्हणत वर्षे जातात. असे थांबणे किती महागात पडते आणि त्याऐवजी काय करावे, ते या पाठात पाहू.

हे पैसे कोणाचे?

तुमचेच. पेन्शन ही सरकारच्या मर्जीवरची बक्षिसी नसून हक्क आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने १९७१ मध्ये देवकीनंदन प्रसाद यांच्या खटल्यात सांगितले. २०१३ मध्ये जितेंद्रकुमार श्रीवास्तव यांच्या खटल्यात न्यायालयाने पेन्शन आणि ग्रॅच्युइटीला कर्मचाऱ्याची मालमत्ता मानले. नियमात तरतूद नसताना नुसत्या प्रशासकीय सूचनेवरून ती रोखता येत नाही. उशीर झाला, तर व्याजही मागता येते.

गप्प बसण्याचा हिशेब

समजा, तुमची पेन्शन दरमहा ४०० रुपयांनी कमी बसली आणि तुम्ही ८ वर्षे काहीच केले नाही. बुडालेली रक्कम झाली ३८,४०० रुपये. दर महिन्याला होणारी चूक असल्यामुळे उशिरा दाद मागता येते. मात्र तरसेम सिंग यांच्या २००८ च्या निकालानुसार मागची थकबाकी साधारणपणे अर्ज दाखल करण्याआधीच्या ३ वर्षांचीच मिळते. म्हणजे १४,४०० रुपये हाती येतील आणि २४,००० रुपये गेले ते गेले. ग्रॅच्युइटीसारख्या एकरकमी देण्यात तर केवळ उशिराच्या कारणावरून दावा फेटाळला जाऊ शकतो.

अलीकडचे उदाहरण पाहा. ३० जूनला निवृत्त होणाऱ्यांना १ जुलैची वेतनवाढ नाकारली जात असे. ११ एप्रिल २०२३ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ती द्यावी असा निकाल दिला. पण जे न्यायालयात गेलेच नव्हते, त्यांना वाढीव पेन्शन १ मे २०२३ पासूनच मिळेल, असे पुढे ठरले. ज्यांनी आधी दाद मागून निकाल मिळवला होता, त्यांचा मागचा लाभ टिकला.

काय करावे?

१. येणे असलेल्या रकमांची यादी करा : भविष्य निर्वाह निधी, ग्रॅच्युइटी, रजेचे पैसे, गटविमा, वेतन फरक. पीपीओ, सेवापुस्तकाची प्रत आणि शेवटची वेतनचिठ्ठी एकत्र ठेवा.

२. कार्यालयप्रमुखांना लेखी अर्ज द्या. स्वतःच्या प्रतीवर तारीख, सही आणि शिक्का घ्या. तोंडी आश्वासनाला पुरावा नसतो.

३. फाइल कुठे अडली हे कळत नसेल, तर माहिती अधिकारात विचारा. उत्तराची मुदत ३० दिवसांची आहे.

४. तरीही काम झाले नाही, तर वकिलाचा सल्ला घ्या. नुसती स्मरणपत्रे पाठवत राहिल्याने मुदत वाढत नाही. मध्य प्रदेशच्या राज्य कर्मचाऱ्याला उच्च न्यायालयात जावे लागते. त्याचे मुख्य पीठ आपल्या जबलपुरातच आहे. केंद्रीय कर्मचाऱ्यांसाठी केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरणाचे पीठही जबलपुरात आहे. तिथे अंतिम आदेशापासून १ वर्षाची मुदत असते. अर्जाला ६ महिने उत्तरच आले नाही, तर ते ६ महिने संपल्यापासून १ वर्ष.

५. वकिलाच्या फीची चिंता असेल, तर विधी सेवा प्राधिकरणाकडे जा. महिलांना आणि अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्तींना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. दूरध्वनी क्रमांक १५१००.

वसुलीचा आदेश आला तर?

कधी कधी उलटेच घडते. "तुम्हाला जास्त पगार दिला गेला" म्हणून ग्रॅच्युइटीतून रक्कम कापली जाते. रफीक मसीह यांच्या २०१४ च्या निकालानुसार तृतीय व चतुर्थ श्रेणीच्या कर्मचाऱ्यांकडून, तसेच निवृत्त झालेल्यांकडून अशी वसुली करता येत नाही. अर्थात कर्मचाऱ्याने खोटी माहिती दिलेली नसावी. मात्र जास्तीची रक्कम परत करण्याचे हमीपत्र आधी दिलेले असेल, तर बाजू कमकुवत होऊ शकते. म्हणून कोणत्याही हमीपत्रावर वाचल्याशिवाय सही करू नका.

बँकेची जबाबदारी

पेन्शन देणाऱ्या बँकेकडून पेन्शन किंवा तिची थकबाकी जमा करण्यात उशीर झाला, तर रिझर्व्ह बँकेच्या नियमानुसार बँकेने वार्षिक ८ टक्के दराने भरपाई द्यायची असते, तीही तुम्ही न मागता. पासबुक दर महिन्याला भरून घ्या आणि तारखा तपासा.

दोन गोष्टी टाळा

येणाऱ्या पैशांच्या भरवशावर सावकाराकडून कर्ज काढू नका. पैसे कधी येतील ते ठरलेले नसते, व्याज मात्र रोज चढते. आणि "टक्केवारी द्या, फाइल काढून देतो" म्हणणाऱ्याच्या हाती पीपीओ, कोरा धनादेश किंवा ओटीपी देऊ नका.

लक्षात ठेवा : हक्क तुमचा आहे, पण तो मागितल्याची तारीख कागदावर हवी. निवृत्तीनंतर ३ महिन्यांत सगळी देणी मिळाली नसतील, तर पहिला अर्ज याच आठवड्यात द्या.