ललिता पवार : बाजूच्या भूमिकेतली मोठी नटी

स्नेहसंमेलनाचं नाटक बसवताना एक अडचण ठरलेलीच. राणी व्हायला दहा मुली तयार, म्हातारी व्हायला एकही नाही. जिच्या वाट्याला म्हातारी येते तिच्या घरून विचारणा होते, "सर, आमच्याच पोरीला का?" अशा वेळी ललिता पवार यांची गोष्ट वर्गात जरूर सांगा.

त्यांचा जन्म १९१६ चा, नाशिक जिल्ह्यातल्या येवल्याचा. मूळ नाव अंबिका. मूकपटांच्या काळात लहानपणीच त्या कॅमेऱ्यासमोर आल्या आणि पुढे नायिका झाल्या. १९४२ मध्ये एका चित्रीकरणात भगवानदादांना त्यांच्या थोबाडीत मारायची होती. चापट जोरात बसली. चेहऱ्याला लकवा झाला, उपचार तीन वर्षं चालले. डावा डोळा कायमचा बारीक राहिला आणि नायिकेची कामं गेली. वय अवघं सव्वीस!

आता पुढचं बघा. व्ही. शांताराम यांच्या 'दहेज' (१९५०) मध्ये त्या सासू झाल्या. तोच बारीक डोळा रोखून बघितला की प्रेक्षकाला धडकी भरायची. पण त्यांना नुसती खाष्ट सासू म्हणणं मला पटत नाही. 'श्री ४२०' (१९५५) मधली केळी विकणारी गंगामाई आठवा. 'अनाडी' (१९५९) मधली घरमालकीण मिसेस डिसा वरून खेकसते, आतून भाडेकरू पोरावर माया करते. वाईट औषधानं ती मरते, तिथूनच कथेला वळण लागतं. या भूमिकेला फिल्मफेअर मिळालं, सहायक अभिनेत्रीचं. आणि दूरदर्शनच्या 'रामायण' मधली मंथरा? मंथरा नसती तर वनवास कुठला, अन् पुढची कथा तरी कुठली!

आपल्या चंद्रपूर-गडचिरोलीच्या मुलांना हे समजायला जड नाही. शंकरपटाच्या रात्री पहाटेपर्यंत झाडीपट्टीचं नाटक बघितलेली पोरं आहेत ही. घरी आल्यावर ती नक्कल कोणाची करतात? नायकाची क्वचितच. विनोदी भूमिका गाजवणारे आपले परशुराम खुणे यांना २०२३ मध्ये पद्मश्री मिळाली, हेही सांगा.

एक काळजी मात्र घ्या. वर्गात डोळ्यात दोष असलेलं लेकरू असेल तर गोष्ट सांगताना त्याच्याकडे बघू नका, त्याचं उदाहरण तर मुळीच देऊ नका. सगळ्यांसोबत त्यालाही ऐकू द्या.

नंतर मोबाईलवर 'श्री ४२०' आणि 'रामायण' मधला ललिताबाईंचा एकेक प्रसंग आवाज बंद करून दाखवा. बाई एकच, मग माया कुठे दिसली, कपट कुठे दिसलं? मान, हात, चाल, डोळे... मुलं भराभर सांगतात. मग आपल्या नाटकातल्या म्हातारीच्या मनात काय चाललंय ते प्रत्येकाला पाच वाक्यांत लिहायला सांगा, राणी होणाऱ्या मुलीलासुद्धा. भूमिकांची वाटणी त्यानंतर करा.