आतल्या कपड्यांच्या आयातीचा कल कसा वाचावा: मारेगावच्या दुकानदार ताईंसाठी कृती

कापसाचा चुकारा हाती आला की मारेगाव, वणी, झरी, पांढरकवडा या पट्ट्यात कपड्यांची खरेदी सुरू होते. साड्या आणि पोरांचे कपडे सगळ्यांना दिसतात. ब्रा, निकर, स्लिप, परकर यांची खरेदी कुणी बोलून दाखवत नाही, पण ती प्रत्येक घरात होते. हा माल विकणाऱ्या ताईला दरवर्षी तेच प्रश्न पडतात. गेल्या वर्षीचा डझनाचा भाव यंदा का चढला? एखादा चांगला खपणारा माल अचानक यायचा का थांबला? इतका स्वस्त ढीग कुठून आला? व्यापारी सांगेल ते उत्तर मानून आपण परत येतो. खरं तर यातली बरीच उत्तरं देशाच्या आयातीच्या आकड्यांत असतात. ते आकडे सरकारी आहेत, त्यांना पैसे पडत नाहीत आणि ते मोबाइलवरही उघडतात. ते वाचायला अर्थशास्त्र शिकलेलं असावं लागत नाही, भागाकार आला की पुरतं.

लागणारं साहित्य: आखीव वही, गेल्या वर्षीची खरेदीची बिलं, मोबाइल आणि दुकानातला सगळा माल.

आधी आपलं दुकान वाचा

सगळी खोकी खाली काढा. आकड्यांकडे धाव घेण्याआधी हे काम पुरं करा, कारण देशाचा कल आपल्या फळीवर किती उतरला आहे हे दुसरं कुणी सांगणार नाही. वहीत प्रत्येक मालासाठी एक ओळ आणि ओळीत पाच रकाने: वस्तू, कापड, मूळ देश, बनवणारा किंवा आयात करणारा, आपला खरेदीभाव.

ब्राचं लेबल बहुधा मागच्या हुकाजवळ किंवा बगलेच्या शिवणीत असतं, बोटभर रुंदीचं पांढरं चकचकीत कापड. त्यावर आधी साइज बघा. ३४बी च्या शेजारी ७५बी असंही छापलेलं असेल, तर तो माल सेंटिमीटरच्या मापाने विकणाऱ्या देशांचाही विचार करून बनलेला आहे. युरोपी मापातला ७५ म्हणजे आपल्याकडचा ३४. गिऱ्हाइकाला हे समजावून सांगता आलं तर मापाची निम्मी भांडणं मिटतात. खालच्या ओळीत कापड असतं: सुती किती, नायलॉन किंवा पॉलिएस्टर किती, इलास्टेन किती टक्के. हा आकडा वहीत जरूर उतरवा, पुढे तो कामाला येतो.

मूळ देश बहुधा पाकिटावर सापडतो. पाकीटबंद वस्तूंच्या २०११ च्या वैधमापन नियमांप्रमाणे आयात केलेल्या पाकिटावर मूळ देश, आयातदाराचं नाव-पत्ता आणि एमआरपी असायलाच हवं. ब्रँडच्या नावावरून देश ठरवू नका. जॉकी हे नाव अमेरिकी, पण भारतात त्या नावाचा परवाना बंगळूरच्या पेज इंडस्ट्रीजकडे आहे आणि त्यांचा बहुतेक माल भारतातच शिवला जातो. आमांते हा ब्रँड श्रीलंकेच्या एमएएस समूहाने २००७ मध्ये भारतात आणला आणि २०२१ मध्ये तो रिलायन्स रिटेलने विकत घेतला. मालक बदलला म्हणून शिवण्याची जागा बदलतेच असं नाही. लेबल सांगेल तेच खरं.

सुट्या मालाचं अवघड आहे. आठवडी बाजारात ताडपत्रीवर जो ढीग लागतो, त्यातल्या कित्येक नगांना लेबलच नसतं. त्या रकान्यात अंदाज लिहू नका, ‘माहीत नाही’ असं लिहा. नागपूरला गांधीबागेत पुढच्या खेपेला गेलात की सरळ विचारा, ‘भाऊ, हा लॉट कुठला? पाकिटावर आयातदाराचं नाव का नाही?’ पक्कं बिल मागा. पक्क्या बिलावर एचएसएन क्रमांक असतो. तो वस्तू कोणती एवढंच सांगतो, देश सांगत नाही. पण पुढच्या कामाला तोच क्रमांक लागतो.

मग क्रमांक ओळखा

जगभरातले सीमाशुल्क अधिकारी प्रत्येक वस्तूला ठरलेल्या क्रमांकाने ओळखतात; बिलावरचा एचएसएन तो हाच. आपल्या कामाचे क्रमांक मोजकेच आहेत. ब्रा ६२१२ मध्ये येते. मात्र त्याच ६२१२ मध्ये कमरेला आवळून बसणारे कपडे येतात आणि पुरुषांचे गॅलिससुद्धा येतात. म्हणून चार आकड्यांवर थांबू नका. ब्रासाठी ६२१२१० हे सहा आकडे आणि भारताच्या यादीत ६२१२१००० हे आठ आकडे धरा. होजिअरीच्या कापडाच्या निकर, स्लिप, गाऊन ६१०८ मध्ये मोडतात. त्यात ६१०८२१ म्हणजे सुती निकर आणि ६१०८२२ म्हणजे कृत्रिम धाग्याची निकर. मागावर विणलेल्या साध्या कापडाचा परकर मात्र ६२०८ मध्ये जातो. एवढे क्रमांक वहीच्या पहिल्या पानावर मोठ्या अक्षरात लिहून ठेवा.

आकडे उतरवा

केंद्रीय वाणिज्य मंत्रालयाची ‘ट्रेडस्टॅट’ नावाची आकडेवारी इंटरनेटवर खुली आहे. कोलकात्याचं वाणिज्यिक माहिती आणि सांख्यिकी महासंचालनालय बंदरांवरच्या कागदपत्रांवरून हे आकडे जुळवतं. ‘आयात’ निवडा, वस्तूनिहाय यादी निवडा, क्रमांक टाका, वर्ष टाका. इथलं वर्ष एप्रिल ते मार्च असतं, दिवाळी ते दिवाळी नाही.

निदान पाच वर्षं उतरवा, कारण दोन वर्षांवरून कल ठरत नाही. त्यात २०२०-२१ येत असेल तर त्याभोवती गोल करा; टाळेबंदीच्या वर्षाशी तुलना करून ‘आयात किती वाढली’ म्हणणं ही फसवणूक आहे, आणि बातम्यांतही ती होत असते. प्रत्येक वर्षाचे दोन आकडे घ्या, रुपये आणि नग. रुपये लाखांत आहेत की कोटींत, नग हजारांत आहेत का, हे तक्त्याच्या डोक्यावर लिहिलेलं असतं. ते न वाचता उतरवलं तर पुढचा सगळा हिशेब कोसळतो. नगांची संख्या आठ आकडी क्रमांक टाकला की नीट मिळते.

नगाचा भाव काढा

सगळ्या कृतीत हीच पायरी महत्त्वाची. समजा, सरावापुरतं, एका वर्षी १२ कोटी रुपयांचे ८ लाख नग आले. भागाकार केला की नगाला १५० रुपये. पुढच्या वर्षी १२ कोटी ६० लाखांचे ६ लाख नग आले. रुपये वाढले म्हणून कुणी म्हणेल आयात वाढली. पण नग कमी झाले आणि नगाचा भाव २१० झाला. याचा अर्थ स्वस्त माल यायचा कमी झाला आणि महाग माल टिकला. शंभर-दीडशेच्या ब्रावर चालणाऱ्या मारेगावच्या दुकानाला हे कळायला हवं, ‘आयात वाढली’ हे नाही.

हा भाव बंदरावरचा असतो. मालाची किंमत, जहाजभाडं आणि विमा त्यात धरलेला असतो, सीमाशुल्क मात्र नसतं. ऑगस्ट २०१८ मध्ये सरकारने कापड-कपड्यांच्या ३२८ वस्तूंवरचं सीमाशुल्क १० वरून २० टक्के केलं. २० टक्के शुल्क आणि त्या शुल्कावर १० टक्के अधिभार धरला, तर १५० रुपयांचा नग १८३ ला पडतो. पुढे जीएसटी, गोदाम, गाडी, घाऊक व्यापारी, नागपूर, वणी आणि मग तुम्ही. २२ सप्टेंबर २०२५ पासून २५०० रुपयांपर्यंतच्या कपड्यावर ५ टक्के जीएसटी आहे, म्हणजे आपला जवळजवळ सगळा माल त्यात बसतो. शुल्काचे दर अर्थसंकल्पात बदलतात, तेव्हा दरवर्षी फेब्रुवारीत ते एकदा तपासून घ्यावेत.

देशांची वाटणी पाहा

त्याच संकेतस्थळावर एका क्रमांकाखाली सगळ्या देशांची यादी निघते. तिच्यात चीन, बांगलादेश आणि श्रीलंका या तीन ओळींवर लक्ष ठेवा. या तिघांचा माल भारताच्या दारात सारख्या अटींवर येत नाही. भारत-श्रीलंका मुक्त व्यापार करार १९९८ मध्ये झाला आणि २००० पासून लागू आहे. तयार कपड्यांना त्यात नगांची मर्यादा घालून सवलत आहे. बांगलादेशच्या कपड्यांना २०११ पासून सीमाशुल्क माफ आहे. वरच्या उदाहरणातला १५० चा नग चीनहून आला तर १८३ आणि बांगलादेशहून आला तर १५०. डझनामागे जवळपास ४०० रुपयांचा फरक एका देशाच्या नावाने पडतो.

पण नुसतं शुल्क पाहून भागत नाही, वाटही बघावी लागते. १७ मे २०२५ रोजी केंद्राने बांगलादेशच्या तयार कपड्यांना जमिनीवरच्या सगळ्या चौक्या बंद केल्या आणि न्हावा-शेवा व कोलकाता ही दोनच बंदरं मोकळी ठेवली. ट्रकने चार दिवसांत येणारा माल जहाजावर गेला की वेळ आणि भाडं दोन्ही वाढतं. त्यानंतरच्या महिन्यांचे आकडे ट्रेडस्टॅटच्या मासिक भागात वेगळे काढून बघा. तुमच्या वहीत ‘बांगलादेश’ लिहिलेल्या ओळी जास्त असतील, तर त्यांचा खरेदीभाव मे २०२५ च्या आधी काय होता आणि नंतर काय झाला हे शेजारी मांडा. बिलं जपून ठेवली असतील तर हे तासाभराचं काम आहे.

तयार मालापलीकडे बघा

बहुतेक लोक इथे थांबतात आणि म्हणतात, ब्राची आयात काही फार नाही, आपला देशी मालच जास्त. हे अर्धंच खरं आहे. एका ब्रात वीसहून जास्त सुटे भाग असतात: कप, पट्टी, पट्टीची कडी, हुक, लेस, तार, खालचा इलास्टिक. शिलाई भारतात झाली तरी यातले भाग बाहेरून आलेले असू शकतात. म्हणून आणखी चार क्रमांक वहीत घ्या. ६२१२९० मध्ये ब्राचे शिवलेले सुटे भाग येतात. ५८०६२० ही मागावर विणलेली इलास्टिक पट्टी, ८३०८ मध्ये धातूचे हुक आणि ६००४ मध्ये ताण धरणारं होजिअरीचं रुंद कापड. लेबलवरचं इलास्टेन याच कापडातलं.

या कापडावर सरकारची नजर आहे. बाहेरून अगदी कमी किमतीच्या पावत्यांवर कृत्रिम धाग्याचं होजिअरी कापड येतं, म्हणून मार्च २०२४ मध्ये काही प्रकारांना किलोला साडेतीन डॉलर अशी किमान आयात किंमत लावली गेली. २०२५ च्या अर्थसंकल्पात नऊ प्रकारच्या होजिअरी कापडांवरचं शुल्क २० टक्के किंवा किलोला ११५ रुपये, यांत जास्त असेल ते, असं झालं. तुमच्याकडचा ‘देशी’ माल महागला असेल आणि त्यात इलास्टेन जास्त असेल, तर कारण इथे शोधावं. अशा वेळी व्यापाऱ्याला दोष देण्यात अर्थ नाही.

बचत गटाने काय शिवावं

यवतमाळ जिल्हा कापसाचा आहे, मग इथल्या बायकांनी आतले कपडे का शिवू नयेत, असं सभांत बोललं जातं. प्रश्न रास्त आहे, पण उत्तर आकड्यांतून काढावं. इथला कापूस जिनिंगमधून बाहेर पडतो, आणि निकर-बनियनचं होजिअरी कापड तिरुपूर-कोलकात्याकडे विणलं जातं. यवतमाळच्या लोहारा एमआयडीसीत कारखाना आहे तो डेनिमचा. म्हणजे शिवायचं कापड विकतच आणावं लागणार. कापूस पिकतो म्हणून ब्रा स्वस्त पडेल, हा हिशेब चुकीचा आहे.

माझं मत स्पष्ट आहे. तारेची, फोमच्या कपाची ब्रा गटाने शिवू नये. तिचे भाग आयातीवर लटकलेले आणि भावात स्पर्धा चीन-बांगलादेशशी. परकर, सुती स्लिप, साडीखालच्या इनर, वयस्क बायकांसाठी पुढून हुक असलेली साधी सुती बॉडी आणि अंगावर पाजणाऱ्या बायकांसाठीची बॉडी यांत इलास्टिक कमी आणि शिलाई जास्त लागते. परकराला तर नाडीच पुरते. ६२०८ चे आयात आकडे काढून ६२१२१० च्या शेजारी लिहा आणि नगाचा भाव तुमच्या कापड-शिलाईच्या खर्चाशी ताडून बघा. बाहेरचा परकर तुमच्या खर्चाच्या खाली येत नसेल, तरच कापडाचा तागा घ्या. मोठ्या मापांचा विचार आधी करा. ४० च्या पुढच्या बाईला आठवडी बाजारात तिच्या मापाचं काही मिळत नाही, आणि तिला ते मागायची लाज वाटते.

कापसाचं एक वेगळं पान ठेवा. ऑगस्ट २०२५ मध्ये केंद्राने कापसावरचं ११ टक्के आयात शुल्क आधी सप्टेंबरअखेरपर्यंत आणि मग डिसेंबर २०२५ अखेरपर्यंत उठवलं. त्याच हंगामात लांब धाग्याच्या कापसाचा हमीभाव क्विंटलला ८,११० रुपये होता. सूतगिरणीला कापूस स्वस्त मिळाला तर सुती कापड उतरेल, पण कास्तकाराचा चुकारा घटला तर तुमचं गिऱ्हाईकही हात आखडेल. सुती मालाचा मोठा साठा करण्याआधी हे दोन्ही आकडे बघावेत.

यंदाच्या दिवाळीचा माल भरायला नागपूरला निघण्याआधी वहीची तीन पानं भरून घ्या: आपल्या फळीचं, नगाच्या भावाचं आणि देशांचं. व्यापाऱ्यासमोर वही उघडी ठेवूनच भाव बोला, आणि मूळ देश न लिहिलेला परदेशी माल कितीही स्वस्त मिळाला तरी उचलू नका.