अपडेट करण्याआधी वही उघडा
(तृतीय वर्ष, मेकॅनिकल)

कॉन्व्हेंटमध्ये शिकल्यामुळे मराठीत लेख लिहायचा म्हटलं की माझ्या पोटात गोळाच येतो. पण ही चूक मी आपल्या उद्यमनगरात केली आणि बोलणीही अस्सल कोल्हापुरीत खाल्ली. तेव्हा ती मराठीतच सांगते.

शिवाजी उद्यमनगरात माझ्या मामांचं छोटं वर्कशॉप आहे. तिथे फौंड्रीसाठी लागणारे लाकडी आणि अ‍ॅल्युमिनियमचे पॅटर्न बनतात. त्यासाठी एक सीएनसी राउटर आहे. त्याचा कंट्रोलर स्टँडअलोन आहे, म्हणजे कॉम्प्युटर जोडावा लागत नाही. पेनड्राइव्हवरून जी-कोड दिला की काम सुरू. १९५२ साली अमेरिकेत एमआयटीमध्ये न्यूमेरिकल कंट्रोलची पहिली मिलिंग मशीन दाखवली, तेव्हा प्रोग्रॅम कागदी पट्टीवर भोकं पाडून द्यायचे. तिथून आपण पेनड्राइव्हपर्यंत आलो!

फर्मवेअर म्हणजे कंट्रोलरच्या फ्लॅश मेमरीत बसवलेला मूळ प्रोग्रॅम. जी-कोडची ओळ वाचून मोटरला किती पल्स द्यायचे, हे तो ठरवतो. सुट्टीत मला नवीन व्हर्जन मिळालं. मिस्त्रीकाका चहाला गेले होते. मी पेनड्राइव्ह लावला आणि अपडेट केलं. स्क्रीन छान सुरू झाली. मी खूश!

काकांनी आल्यावर टूल काढायला लावलं. "आधी हवेत चालव." एक्स अक्ष १०० मिमी सरकवायला सांगितला, तर तो दुप्पट वेगाने धावत सुटला आणि लिमिट स्विचवर आदळून थांबला. टूल लावलेलं असतं तर पॅटर्न गेलाच असता, आणि तो दुसऱ्या दिवशी शिरोलीला द्यायचा होता.

झालं काय होतं? अपडेटमध्ये सगळे पॅरामीटर पुसून डिफॉल्ट आले होते. हिशोब बघा. आमची स्टेपर मोटर एका फेऱ्याला २०० स्टेप घेते. ड्रायव्हर ८ मायक्रोस्टेपवर आहे, म्हणजे १६०० पल्स. बॉलस्क्रूची पिच ५ मिमी. म्हणून १६०० ÷ ५ = ३२० पल्स प्रति मिमी. डिफॉल्ट होतं ६४०. म्हणून टेबल दुप्पट सरकत होतं.

हे मी कागदावर काढून दाखवलं. काका म्हणाले, "ते ठीक. बॅकलॅश कुठनं काढणार?" मी गप्प. स्क्रू आणि नट झिजून पडलेली फट कुठल्याच सूत्रातून निघत नाही, ती डायल गेजने मोजावी लागते. काकांनी कपाटातून ऑइलचे डाग पडलेली वही काढली. त्यात प्रत्येक अक्षाचे आकडे देवनागरीत लिहिलेले होते. मी ५ आणि ६ मध्ये गोंधळले, तेव्हा त्यांनीच वाचून दाखवले. "पोरी, कंपनीला काय म्हाईत, आपला स्क्रू किती झिजलाय त्ये?"

हाच या लेखाचा धडा. फर्मवेअर कंपनीचं असतं, पॅरामीटर आपल्या मशीनचे असतात.

अपडेट करायचंच असेल तर :

१) खरंच गरज आहे का ते ठरवा. मशीन नीट चालत असेल तर हात लावू नका.
२) कंट्रोलरचं मॉडेल आणि हार्डवेअर व्हर्जन फाइलशी जुळतंय का ते बघा.
३) पॅरामीटरचा बॅकअप पेनड्राइव्हवर घ्या, शिवाय वहीत लिहा.
४) यूपीएस लावा. नवीन प्रोग्रॅम लिहिताना जुना पुसला जातो. मध्येच लाइट गेली तर दोन्ही नाहीत, आणि कंट्रोलरची वीट होते.
५) नंतर पॅरामीटर भरा, होमिंग करा, डायल गेजने अंतर मोजा आणि पहिला जॉब टूलशिवाय हवेत चालवा.

मोठ्या मशीनलाही हाच नियम. फॅनकच्या अनेक कंट्रोलमध्ये पॅरामीटर बॅटरीवर टिकणाऱ्या मेमरीत असतात. म्हणून बॅटरी बदलताना कंट्रोलची पॉवर चालू ठेवतात. ती बंद असताना बॅटरी जास्त वेळ बाहेर राहिली तर पॅरामीटर गेले.

पॅटर्न रात्री अकराला पूर्ण झाला. मामा काही बोलले नाहीत, फक्त एक कोरी वही माझ्या हातात दिली. तिच्या पहिल्या पानावर आता ३२० लिहिलंय, देवनागरीत!